आइलीनं काय रचलं

बाई फोनवर म्हणाल्या, दोन शब्द बोला
बहिणीच्या कल्पनाशक्तीवर.
मी अ‍ॅशटाबुलात गाड्यांचे सायलेन्सर बदलतो, एकतीस वर्षं झाली.
कल्पनाशक्तीतलं मला काय कळणार.
आइलीनं काय रचलं नाही, एवढं सांगू शकतो.

पूल रचला नाही.
आमच्या बंदरावरचा, दर अर्ध्या तासानं उचलला जाणारा पूल
अठ्ठ्याहत्तरच्या हिमवादळात वर गेला तो खाली येईना.
इंजिनियर आले, ग्रीस ओतलं, शिव्या घातल्या.
नऊ दिवस तो खोळंबून राहिला
एका खनिजाच्या बोटीसाठी,
जी नोव्हेंबरातच तळाला गेली होती.
दहाव्या दिवशी हेल्मी आत्यानं काठावर उभं राहून
त्याला फिनिशमध्ये समजावलं, तेव्हा उतरला.
ती गोष्ट एका त्रैमासिकानं छापली.
मानधन, अंकाच्या दोन प्रती.
एक आत्याच्या डुगडुगत्या ओव्हनखाली गेली.
अजून तिथंच आहे. ओव्हन डुगडुगत नाही.

मग किती वर्षं काहीच नाही.
टोलेडोत विम्याच्या कचेरीत ती दावे तपासायची,
खरा कुठला, बनाव कुठला,
आणि रात्री कॉलेजातल्या ट्रकवाल्यांना स्वल्पविराम शिकवायची.
नकाराची पत्रं बुटांच्या खोक्यात.
हिवाळ्यात ती खोकी हाताला ऊन लागत.
मांजर तिथंच व्याली.
एक पिल्लू मी आणलं, पंधरा वर्षं जगलं,
जन्मात कुणाला हो म्हणालं नाही.

न्यूयॉर्कच्या एका संपादकानं लिहिलं:
शेजारणीच्या केसांत मासे का पोहतात, कारण द्या.
आइलीनं उलट टपाली कळवलं:
पाणी स्वच्छ होतं म्हणून.
तेच पहिलं पुस्तक.
कुणी लिहिलं, मासे म्हणजे बंद पडलेले कारखाने.
मिसेस पालुम्बो कुंपणावरून विचारत, डोक्याला टॉवेल गुंडाळून,
‘मी कारखाना आहे का गं?’
आणि टॉवेल हळूच हलायचा.

दुसरं पुस्तक डॉलरच्या टेबलावर आलं.
अकरा प्रती तिनंच उचलल्या,
पावसात सापडलेली पोरं घरी आणावीत तशा.
तिसऱ्याला बक्षीस. मोठा हॉल, उलटा स्वेटर.
बिचारीला कुणी सांगितलंच नाही.
नाही, मी सांगायला हवं होतं.

आता हे नवं पुस्तक.
सगळे म्हणतात, तिनं जादू सोडली.
यात एक माणूस गुरुवारी साडेपाचला
कोळशाच्या धक्क्यावरून घरी येतो,
टोपी खिळ्याला अडकवतो, वाटाण्याचं सूप पितो.
मीठ कमी आहे म्हणतो.
धाकट्याला विचारतो, गणिताचं काय झालं.
चाळीस पानं. फक्त सूप.
‘अखेर वास्तव,’ असं छापून आलंय मागच्या कव्हरावर.

तर ऐका.
आमच्या स्वयंपाकघरात खिळा होता. टोपी नव्हती.
मी चार वर्षांचा असताना बाप डुलुथला चार दिवसांसाठी गेला,
ते चार दिवस अजून चालूच आहेत.
पूल, मासे, पत्रांची ऊब,
हे तिनं नुसतं उतरवून घेतलं, दावा नोंदवतात तसं.
रचलं ते एवढं सूपच.

गुरुवारी मी दुकानाचं शटर जरा लवकर ओढतो
आणि त्या मिठापर्यंत वाचतो. पुढं जात नाही.
गणितात मी नापास झालो होतो, बाई.
ते तिला ठाऊक होतं.

झाले दोन शब्द. थोडे जास्तच.
ती बघा, तिसऱ्या रांगेत, खिडकीशी,
मान हलवतेय. नाही म्हणतेय.
यातल्या कशाला नाही,
ते मला इथून कळत नाही.